फिलिपिनी बायकांबरोबर राहावं लागतं म्हणे!

तासगावच्या एका काकूंचा फोन आला होता. त्यांची लेक मिरजेत नर्सिंग करून तिथल्याच एका खासगी हॉस्पिटलात आयसीयूला आहे आणि आता तिनं दुबईचं डोक्यात घेतलंय. काकूंनी पगार विचारला नाही, ड्युटी किती तासांची ते विचारलं नाही, उन्हाळ्याचंही नाही. इकडचं तिकडचं झाल्यावर आवाज खाली आणून म्हणाल्या, "तिथं फिलिपिनी बायकांबरोबर एका खोलीत राहावं लागतं म्हणे. कशा असतात ओ त्या?"

मी राहिलेय. २०११ ला गेले, कोविडची टाळेबंदी तिथंच काढली आणि २०२१ ला सांगलीत परत आले. फोनवर मावणारं उत्तर नव्हतं, म्हणून इथं लिहिते.

काकूंच्या प्रश्नामागं काय आहे ते मला ठाऊक आहे. आखातात जाऊन आलेले आपल्याकडचे पुरुष पारावर बसून जे सांगतात त्यात फिलिपिनी बाई एकाच रूपात येते: मॉलमध्ये परफ्यूम विकणारी, लिपस्टिक लावलेली, हसून बोलणारी. हसून बोलणं हा त्या बाईच्या नोकरीचा भाग आहे, हे यांच्या लक्षात येत नाही. तीच बाई रात्री बारानंतर बसमधून उतरून, चपला हातात घेऊन जिना चढते ते यांनी पाहिलेलं नसतं. मी रोज पाहिलं. आमच्या खालच्याच मजल्यावर मॉलवाल्या मुलींचा फ्लॅट होता.

आमची क्वार्टर अल कुसैसला, शारजाच्या हद्दीजवळ. हॉस्पिटलची बस न्यायला-आणायला. एका खोलीत तिघी, मधल्या हॉललाही पडदा लावून एकीची सोय केलेली. मल्याळी सिस्टर पलीकडच्या खोलीत, आणि मी दोन फिलिपिनींच्या खोलीत. त्यातल्या थोरलीला सगळे 'आते' म्हणायचे, त्यांच्यात मोठ्या बहिणीला तशीच हाक मारतात. माझ्या सासूबाईंचा बरेच दिवस असा समज होता की दुबईत माझी कुणी आत्या निघाली.

आते लेते बेटावरच्या पालो गावची, ताक्लोबान शहराच्या शेजारची. आधी सौदीत काही वर्षं काढून दुबईला आलेली. मी गेले तेव्हा तिची मुलगी पाच वर्षांची होती आणि आजीजवळ वाढत होती. माझा मुलगा तीन वर्षांचा, तोही आजीजवळ. ही एवढी एक गोष्ट सारखी निघाली आणि आमचं जमलं. बाकी सुरुवातीला काहीच जमत नव्हतं.

भांडण स्वयंपाकघरावरून. त्या सकाळी 'तुयो' तळायच्या, म्हणजे खारवलेली सुकी मासळी. मी भिलवडीची, कृष्णाकाठची, मासे काही नवीन नाहीत, सुकट-बोंबीलही घरात व्हायचे. पण रात्रपाळी करून आल्यावर तो वास नाकात जायचा आणि मला उमासे यायचे. उलट मी लसूण-मिरचीची फोडणी टाकली की त्या दोघी खोकत बाल्कनीत. शेवटी आतेनं फ्रिजवर कागद लावला: कुणी कधी काय तळायचं त्याचं वेळापत्रक. तो कागद आमच्या फ्लॅटची घटना होती. नंतर नंतर मी तासगावचे बेदाणे न्यायला लागले तेव्हा ते त्यांच्या 'मेनुदो'त पडू लागले. मेनुदो म्हणजे टोमॅटो-बटाट्याचा मांसाचा रस्सा, त्यात बेदाणे घालतातच. मूळचा डुकराच्या मांसाचा, आमच्याकडं तो चिकनचा व्हायचा. भात मात्र तिन्ही वेळा. सकाळी सातलासुद्धा भात. माझी ज्वारीची भाकरी त्यांनी एकदा खाल्ली, छान म्हणाल्या आणि पुन्हा मागितली नाही.

हे झालं खाण्याचं. खरं सांगायचंय ते पुढंच आहे.

त्यांचं सरकार त्यांना ज्या पद्धतीनं परदेशी धाडतं ते मी जवळून पाहिलं आणि आपल्या मानानं चकित झाले. १९७३ ला तेलाच्या किमती भडकल्या, आखातात पैसा आला, बांधकामं निघाली. तिकडं फिलिपिन्समध्ये मार्कोसच्या राजवटीत बेकारी. १९७४ च्या कामगार कायद्यातच त्यांनी परदेशी नोकरीची यंत्रणा बसवली. तेव्हा तो तात्पुरता उपाय समजत होते. तो तात्पुरता उपाय अजून चालू आहे. २०२३ मध्ये बँकांमार्फत त्या देशात परदेशातून आलेला पैसा ३३ अब्ज डॉलरच्या वर होता, म्हणजे देशाच्या एकूण उत्पन्नातला सात-आठ टक्के वाटा. आपल्याकडं याहून कितीतरी जास्त पैसा येतो, पण एवढ्या मोठ्या देशात तो मुरून जातो. त्यांच्याकडं त्यावर नुसती घरंच नाही, दुकानं, शाळा, आख्खी गावं चालतात.

त्यामुळं यंत्रणाही तशी. जायच्या आधी सरकारी वर्गाला बसायचं, तिथं करारनामा कसा वाचायचा ते शिकवतात. कल्याण निधीची वर्गणी २५ डॉलर. सुट्टीवरून परतताना सरकारी प्रमाणपत्र किंवा त्यातून सूट मिळाल्याची नोंद नसेल तर मनिलाच्या विमानतळावरून सोडत नाहीत. दुबईत त्यांच्या वकिलातीत वेगळं कामगार कार्यालय, पळून आलेल्या बायकांसाठी निवारा. परदेशातून मत देता येतं, २००३ च्या कायद्यामुळं. २०२१ च्या अखेरीस तर स्थलांतरित कामगारांसाठी स्वतंत्र मंत्रालयाचा कायदा झाला. मी गेले तेव्हा मुंबईतल्या एका एजंटानं पैसे घेतले, एक कागद दिला, आणि विमानतळावर 'तिथं एक माणूस पाटी घेऊन उभा असेल' एवढं सांगितलं. माणूस होता, पाटी नव्हती. (आपल्याकडं २०१५ पासून नर्सना आखातासारख्या देशांत नेण्याचं काम ठरावीक सरकारी संस्थांकडंच दिलंय. काकू, एजंट गोड बोलायला लागला तर हे आधी त्याच्या तोंडावर टाका.)

पण यंत्रणेचं कौतुक मी केलं की आते हात झटकायची. १९८८ मध्ये राष्ट्राध्यक्ष कोराझोन अक्विनो यांनी परदेशी राबणाऱ्यांना देशाचे नवे वीर म्हटलं होतं, तेव्हापासून दर सरकार तेच म्हणतं. आतेचं म्हणणं असं की वीर म्हटलं की पगार वाढवायला नको आणि देशात नोकरी काढायलाही नको. तिच्या गावच्या सरकारी दवाखान्यात नर्सची जागा रिकामी होती, आणि ती दुबईत परक्यांच्या बाळंतपणाला उभी होती.

आमचा दोघींचा वॉर्ड प्रसूतीचा. तिथं काय दिसायचं ते काकूंना सांगायला हवं, कारण फिलिपिनी बाईबद्दलची कुजबुज इथूनच निघते. तिथं लग्नाशिवाय मूल हा गुन्हा होता, म्हणजे खरोखर तुरुंगात नेणारा गुन्हा. २०२० च्या नोव्हेंबरात कायदा बदलायला सुरुवात झाली. तोपर्यंत बाळंतपणासाठी नाव घालायला आलेल्या बाईकडं पहिल्यांदा मागायचं ते लग्नाचं प्रमाणपत्र. रक्तदाब नंतर. काउंटरवरून माघारी गेलेल्या मुली मी पाहिल्या. त्यात फिलिपिनी असायच्या, इथिओपियन असायच्या, आपल्याकडच्याही होत्या. बातमी मात्र फिलिपिनींचीच व्हायची.

आणि त्यातल्या काहींचं लग्न झालेलं असायचं, पण दुसऱ्याशी. फिलिपिन्समध्ये, तिथले मुसलमान सोडले तर, घटस्फोट नाही. व्हॅटिकन सोडलं तर जगात तेवढा एकच देश तसा राहिलाय. लग्न रद्द ठरवून घ्यायला कोर्टात वर्षं जातात आणि पैसा इतका लागतो की परदेशी नोकरी करणारीलाच तो परवडतो. आतेच्या नवऱ्यानं सेबूला दुसरा संसार थाटला होता. कागदावर ती त्याची बायकोच. ती दर महिन्याला मुलीसाठी पैसे पाठवायची ते तिच्या आईच्या नावानं, त्याच्या नाही. यावर ती कधी भाषण करायची नाही. एकदा एवढंच म्हणाली की माझ्या पगारातून वकिलाचा मुलगा शिकण्यापेक्षा माझी मुलगी शिकलेली बरी.

वॉर्डात मोलकरणी यायच्या, 'मॅडम'बरोबर. मॅडम गर्भार, मोलकरीण पिशव्या धरून उभी. आते अशा मुलीकडं न बघता, सलाइन लावता लावता, हळू आवाजात तिच्या भाषेत दोन वाक्यं टाकायची. मी एकदा विचारलं काय विचारतेस. म्हणाली, "जेवलीस का? फोन आहे का तुझ्याकडं?" हे दोनच प्रश्न. दुसऱ्याचं उत्तर नाही आलं तर ती कागदाच्या चिटोऱ्यावर नंबर लिहून द्यायची. हे नोकरीत बसणारं नव्हतं. वरच्यांना कळलं असतं तर तिला नोटीस मिळाली असती.

त्या काळात मोलकरणींचा प्रश्न किचकट झाला होता. २०१४ ला यूएईनं करारनाम्यांवर दुसऱ्या देशाच्या वकिलातीचा शिक्का मानायचं थांबवलं, म्हणून फिलिपिन्सनं तिथं मोलकरणी पाठवणंच थांबवलं. २०२१ ला ते पुन्हा सुरू झालं. मधल्या वर्षांत बायका यायच्या थांबल्या नाहीत. टुरिस्ट व्हिसावर आल्या, आणि कुठल्याच वहीत त्यांची नोंद राहिली नाही. २०१८ ला कुवेतमध्ये एका फिलिपिनी मोलकरणीचा मृतदेह एका रिकाम्या फ्लॅटच्या फ्रीझरमध्ये सापडला. ती तिथं वर्षाहून जास्त काळ होती. आमच्या फ्लॅटमध्ये त्या आठवड्यात कुणी गाणं लावलं नाही. त्यांच्या सरकारनं कुवेतला माणसं पाठवणं बंद केलं, मे महिन्यात करार झाला, त्यात पासपोर्ट आणि फोन कामगाराजवळ राहील असं लिहिलं. आते म्हणाली, फोन जवळ राहावा यासाठी दोन देशांना करार करावा लागतो बघ. २०२३ मध्ये कुवेतमध्येच आणखी एकीचा खून झाला आणि पुन्हा बंदी आली. बंदी घातल्यानं गरज थांबत नाही, हे आपल्या दुष्काळी तालुक्यांतल्या माणसाला वेगळं सांगायला नको.

त्यावरून एक. आपल्याकडची माणसं बाहेर जायला घाबरतात असं कुणी म्हणलं तर मला हसू येतं. विटा, खानापूर, आटपाडीची गलाईवाली माणसं सोनं-चांदी गाळायच्या धंद्यात देशभर पसरलीत. माझे दोन मामा केरळात आहेत. ही माणसं गेली ती गाव घेऊन गेली. एकानं दुकान टाकलं की पाठोपाठ भाऊ, मेहुणा, गावचा पोरगा. तिथं गणपती बसवणार, मंडळ काढणार, जत्रेला गाडी करून परत येणार. हीच माणसं आखातात जातात तेव्हा मात्र सुटी सुटी जातात, आणि तिथं गेल्यावर सगळं जगणं पुढं ढकलतात. घराचा हप्ता फिटला की, पोराचं शिक्षण झालं की. माझ्या ओळखीचे एक गृहस्थ शारजाला बारा-चौदा वर्षं होते, बुर्ज खलिफा त्यांनी फक्त बसच्या खिडकीतून पाहिला.

फिलिपिनींना हे पुढं ढकलणं कळत नाही. पगार झाला की पहिल्यांदा पैसे पाठवायच्या रांगेत, आणि तिथून थेट दुबईतल्या सतवा नाहीतर करामा भागात. केस कापून घ्यायचे, कुणाचा वाढदिवस असेल तर 'पानसित' करायचं. त्या लांब शेवया असतात, आयुष्य लांब व्हावं म्हणून वाढदिवसाला हव्यातच. शुक्रवारी ऊद मेथाचं सेंट मेरी चर्च, तिथं एवढी गर्दी की बाहेरच्या आवारातही माणसं उभी. २०१५ ला दुबई मॉलमध्ये त्यांच्या जॉलिबीचं दुकान उघडलं तेव्हा आते ड्युटी बदलून रांगेत जाऊन उभी राहिली, तळलेल्या चिकनसाठी! मीही गेले. चिकनबरोबर भात, आणि गोडसर स्पॅगेटी. मला नाही आवडलं. तिचे डोळे भरून आले होते.

नाताळ तर सप्टेंबरातच सुरू. महिन्याच्या नावात शेवटी 'बर' आलं की गाणी लागलीच. आकाशकंदिलासारखे चांदणीचे 'पारोल' खिडकीला लटकायचे, ते दिवाळीतही चालून जायचे, म्हणून मी वेगळा कंदील कधी आणलाच नाही. डिसेंबरात १६ तारखेपासून नऊ प्रार्थना, त्यांच्या देशात पहाटे कोंबडा आरवताना होणाऱ्या; दुबईत त्या संध्याकाळी, ड्युट्या सांभाळून. आणि कराओके! त्याला माझी अजूनही माफी नाही. मायक्रोफोनमध्येच सगळी गाणी भरलेली, तो टीव्हीला जोडायचा आणि गुणही मिळायचे. बेसूर गाणारीला पंचाण्णव गुण मिळालेले मी ऐकलेत.

पैसे उडवतात, असं आपली माणसं त्यांच्याबद्दल म्हणतात. यात खोटं नाही. क्रेडिट कार्डांनी बुडालेल्या मुली आमच्याच इमारतीत होत्या. पाच घ्यायचे आणि सहा द्यायचे असं सावकारी कर्ज तिथं सहज मिळायचं. गंमत अशी की ही पाच-सहाची पद्धत फिलिपिन्समध्ये मोटरसायकलवरून फिरून चालवतात ते मुख्यतः पंजाबी सावकार, आणि तिथले लोक त्यांना 'बुंबाय' म्हणतात, म्हणजे मुंबईवाले. आतेनं पहिल्याच महिन्यात मला विचारलं होतं की तू व्याजानं देतेस का.

पण त्यांची भिशीही होती, 'पालुवागान'. आमच्या विश्रामबागेतल्या बायका चालवतात तश्शीच: दर महिन्याला सगळ्यांनी ठरलेली रक्कम टाकायची, एकीनं उचलायची. चिठ्ठ्या आतेकडं. कुणाच्या घरी आजारपण निघालं तर नंबर बदलून तिला आधी. मी घातले, बुडाले नाहीत.

आणि ते खोकं. प्रत्येकीच्या पलंगाच्या पायथ्याशी एक भलंमोठं पुठ्ठ्याचं खोकं उघडं असायचं, 'बालिकबायान बॉक्स'. त्यात महिनोन्‌महिने एक एक वस्तू पडत जायची: साबण, शाम्पू, टॉवेल, कॉर्न्ड बीफचे डबे, चॉकलेटं, मुलीचे बूट. सेल लागला की हमखास. भरलं की टेपनं गुंडाळायचं आणि जहाजानं पाठवायचं. वजन बघत नाहीत, आकाराचे पैसे. पोचायला महिना-दोन महिने. आपण विमानाच्या वजनकाट्यावर टँग आणि निडोच्या डब्यांसाठी भांडतो, त्यांची बोट निवांत जाते. मुलीच्या पायाचं माप आते दर दोन महिन्यांनी आईकडून मागवायची, कागदावर पाय ठेवून काढलेला फोटो. खोकं पोचेपर्यंत पाय वाढलेला असायचा, म्हणून ती एक नंबर पुढचा घ्यायची. २०१५ मध्ये त्यांच्या कस्टमनं ही खोकी उघडून तपासायचं काढलं तेव्हा जगभरातून एवढा गिल्ला झाला की सरकारला मागं यावं लागलं, आणि पुढच्या वर्षी कायदाच करून दीड लाख पेसोपर्यंत माफी दिली. आपल्या लोकांनी कस्टमविरुद्ध असं काही एकजुटीनं केल्याचं मला आठवत नाही. आपण ओळखीचा माणूस शोधतो.

आता दोन वादळं. म्हणजे एक वादळ आणि एक पूर.

२०१३ च्या नोव्हेंबरची ८ तारीख, शुक्रवार. तिकडं योलांडा नावाचं चक्रीवादळ येणार हे सगळ्यांना माहीत होतं. त्यांच्याकडं वर्षाला वीसेक येतात, त्यामुळं आते फारशी हललेली नव्हती. त्यांचं घड्याळ दुबईच्या चार तास पुढं. आमच्याकडं मध्यरात्र उलटली तेव्हा ते जमिनीला लागलं. मग फोन बंद. वारा नाही, समुद्रच आत आला होता ताक्लोबानवर. टीव्हीवर रस्त्यात उभं राहिलेलं जहाज दाखवत होते आणि आते त्या चित्राच्या कडेला आपली गल्ली शोधत होती. सहा हजारांवर माणसं गेली. आई आणि मुलगी एका नातेवाइकाच्या दुमजली घरी गेल्या होत्या, म्हणून वाचल्या, हे तिला आठवडा होत आला तेव्हा सेबूच्या एका चुलतभावाकडून कळलं. घराचं छप्पर गेलं. त्या आठवड्यात ती ड्युटीवर येत होती. रजा मागितली नाही; घरी बसून काय करू म्हणाली. आणि हॉलमध्ये कपडे, औषधं, टॉर्च यांची खोकी छतापर्यंत रचली जात होती. कुणी पुढारी नव्हता, कुणी सांगितलं नव्हतं.

२०१९ च्या ऑगस्टात पाळी माझी आली. सांगलीत कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला धोक्याची पातळी ४५ फूट, पाणी ५७ फुटांच्या वर गेलं. सासरचं घर उंचावर, त्यामुळं सांगलीचं निभावलं. माहेर भिलवडी, पाण्यानं वेढलेलं, आणि फोन लागेना. ८ तारखेला शेजारच्या ब्रह्मनाळला बोट उलटल्याची बातमी आली तेव्हा माझे हात कापायला लागले. आतेनं फोन माझ्या हातातून काढून घेतला. "सगळ्यांना लावू नकोस," म्हणाली. "त्यांची बॅटरी संपवशील. पुराबाहेरचा एक माणूस धर, सगळे त्याला कळवतील, तू फक्त त्याला विचार." मी मामेभावाला धरलं, विट्याच्या. ही अक्कल तिला योलांडानं दिली होती. दोन दिवसांनी तिनं माझ्या उशीखाली पाकीट ठेवलं. त्यात दिरहम, आणि एका कागदावर दिलेल्यांची नावं. निम्म्या नावांच्या बायकांना मी ओळखतही नव्हते. खालच्या मजल्यावरच्या मॉलवाल्या मुलींचीही नावं त्यात होती, ज्यांच्याबद्दल आपली माणसं पारावर बोलतात. त्या पैशातून वडिलांनी गोठा उभा केला.

तर काकू, अशा असतात. लेकीला कानात घालायला बोळे द्या, कराओकेसाठी. आणि फ्रिजवरचा कागद पहिल्याच आठवड्यात लावायला सांगा.

राहिली एक गोष्ट, ती मला सोपी करून सांगता येत नाही. या सगळ्या गाण्या-खाण्याच्या खाली मुलं होती. आमच्याकडं फोनवरची व्हिडिओ कॉलिंग बरीचशी बंद असायची, काही ना काही जुगाड करून त्या लावायच्या. आते रात्रपाळीवरून आली की पालोत दुपार असायची. मुलगी शाळेतून जेवायला घरी आलेली असायची. कॅमेऱ्यासमोर ती गणितं करायची आणि ही इकडं भात खात बघायची. कधी मुलगी कंटाळून उठून जायची आणि आते रिकाम्या खुर्चीकडं बघत जेवण संपवायची. फोन बंद करायची नाही. माझा मुलगा सासूबाईंना आई म्हणायला लागला होता आणि मला नावानं हाक मारायचा. आते हे बाहेर बोलायची, रडायची, पुन्हा पावडर लावून कामाला जायची. आपल्याकडच्या बायकांत हा विषय निघायचा नाही. निघाला तर कुणीतरी पटकन जागेचा भाव विचारायचं.

मी परतले त्याच सुमारास आते इंग्लंडला गेली. तिकडच्या सरकारी हॉस्पिटलांत त्यांच्या नर्स खूप आहेत. सौदी, दुबई आणि मग इंग्लंड किंवा कॅनडा, ही त्यांची ठरलेली वाट. मुलीला बोलवायचं, तिलाही नर्सिंगला घालायचं असा तिचा बेत होता. मागच्या महिन्यात तिचा फोन आला, आवाज चढलेला. मुलीनं नर्सिंगला साफ नकार दिला होता. इंग्लंडलाही यायचं नाही म्हणाली. पालोत आजीच्या घरापुढं बेकरी काढणार, सकाळचे पाव विकणार. "तू सांग तिला," आते मला म्हणाली, "तुझं ऐकेल ती, तू नर्स आहेस."

मी म्हटलं, माझा मुलगा यंदा बारावीला आहे, इथल्या वालचंद इंजिनीअरिंग कॉलेजला मिळालं तर बघणार म्हणतो, सांगली सोडायची नाही म्हणतो, आणि मी त्याला काही बोललेली नाही. त्यावर आतेनं फोन ठेवला. बरेच दिवस काही नाही. परवा मेसेज आला: भारतात बेकरीचा ओव्हन स्वस्त मिळतो का, आणि बोटीनं पाठवायला काय पडेल? उद्या सुट्टी आहे, कोल्हापूरला जाऊन चौकशी करते म्हणून कळवलंय.